नकार देणारा देव : रोमन वनदेव आणि भीमथडीचे रान

१

कुऱ्हाड चालविण्यापूर्वी परवानगी कोणाची घ्यावी, या प्रश्नाला प्राचीन रोमन शेतकऱ्याजवळ एक विधिवत उत्तर होते. इ. स. पूर्व दुसऱ्या शतकात कॅटोने लिहिलेल्या शेतीविषयक ग्रंथात राई विरळ करण्यापूर्वीचा विधी दिलेला आहे. डुकराचा बळी द्यावा आणि ही राई ज्या कोणाची असेल, तो देव असो वा देवी, त्याला उद्देशून प्रार्थना करावी, असे त्यात सांगितले आहे. ज्याच्याजवळ मागणे मागायचे त्याचे नाव मागणाऱ्याला ठाऊक नाही. तो पुरुष की स्त्री हेही ठाऊक नाही. ठाऊक आहे ते एवढेच की ही जागा आपल्या हाती येण्यापूर्वी दुसऱ्या कोणाची तरी होती.

ही जाणीव नैतिक आहे यात शंका नाही. परंतु याच ग्रंथात शेतशुद्धीच्या विधीसंबंधी एक पुस्ती जोडलेली आहे: बळी देऊनही शुभचिन्ह दिसले नाही, तर दुसरा बळी देऊन प्रार्थना पुन्हा करावी. येथे एक पेच उभा राहतो. होकार मिळेपर्यंत विचारीत राहण्याची सोय ज्या विचारण्यात आहे, त्याला विचारणे म्हणता येईल काय? की तो निर्णय आधीच झालेल्या माणसाने आपल्या मनाची केलेली समजूत ठरतो? वनदेवाच्या कल्पनेचे नैतिक मूल्य या प्रश्नाच्या उत्तरावर अवलंबून आहे. तो नकार देऊ शकतो की नाही, ही त्याच्या देवत्वाची खरी कसोटी होय. आणि पुढच्या काळात धर्माने व साहित्याने त्याचे जे केले, त्याचेही मूल्यमापन याच कसोटीवर व्हायला हवे.

२

रोमन वनदेवांपैकी सिल्वॅनस हा या दृष्टीने विशेष बोलका आहे. त्याला राज्याचे मंदिर नव्हते, राज्याच्या पंचांगात त्याचा सण नव्हता. त्याची पूजा करीत ते शेतकरी, सैनिक, गुलाम आणि दास्यमुक्त लोक. रोमन भूमापकांच्या लिखाणात प्रत्येक मालमत्तेला तीन सिल्वॅनस असतात असे म्हटले आहे: एक घराचा, एक गुराख्यांचा आणि एक सीमेवरचा. सीमेवरच्या सिल्वॅनसची राई दोन मालकांच्या हद्दीवर असे. म्हणजे रान संपून शेत जेथे सुरू होते तेथे हा देव उभा असतो, आणि तो दोन्हींकडचा असतो.

तो केवळ रक्षक नव्हता. व्हॅरोच्या आधाराने ऑगस्टीनने नोंदविले आहे की, बाळंतिणीला रात्री सिल्वॅनसचा उपद्रव होऊ नये म्हणून तीन देवतांना पाचारण करीत आणि त्यांची खूण म्हणून उंबरठ्यावर कुऱ्हाड व मुसळ आपटून तो झाडूने झाडून काढीत. झाड तोडणे, धान्य कांडणे आणि धान्याची रास झाडून गोळा करणे या तीन क्रियांनी शेती रानापासून वेगळी होते. तिची हत्यारे रानदेवाला दाराबाहेर ठेवतात. पाचवीच्या रात्री पाटा-वरवंटा पुजणाऱ्या आणि बाळंतिणीजवळ विळा वा कोयता ठेवणाऱ्या मराठी घराला ही व्यवस्था परकी वाटू नये. दोन्हींमध्ये ऐतिहासिक संबंध शोधण्याचे कारण नाही. रानातून कापून काढलेल्या घराला रानाची भीती वाटते, आणि या भीतीत आपण काहीतरी घेतले आहे याची कबुली दडलेली असते, एवढेच या साम्यावरून म्हणता येईल.

३

ख्रिस्ती धर्माच्या उदयानंतर या कबुलीचे स्वरूप पालटले. ३९२ साली थिओडोसियसच्या कायद्याने बळी देणे, झाडांना फिती बांधणे आणि मातीच्या वेदी रचणे यांवर बंदी आली. त्याच शतकातील तूरच्या मार्टिनच्या चरित्रात एक मार्मिक प्रसंग आहे. गावातले प्राचीन मंदिर पाडले जात असताना गावकरी गप्प राहिले. मात्र शेजारचे पाइनचे झाड तोडण्याची वेळ येताच ते आडवे आले. देवळापेक्षा झाडात त्यांचे काहीतरी अधिक गुंतलेले होते.

वनदेवाला सैतानाचे शिंग आणि खूर लाभले ही गोष्ट सर्वपरिचित आहे. तिच्याहून सूक्ष्म असा दुसरा बदल मात्र सहसा लक्षात येत नाही. जेरोमने लिहिलेल्या पॉल या तपस्व्याच्या चरित्रात अँटनीला वाळवंटात एक बकऱ्याच्या पायांचा जीव भेटतो. आपण देव नसून मर्त्य आहोत असे तो सांगतो, आणि सर्वांच्या समान प्रभूजवळ आपल्यासाठी प्रार्थना करावी अशी अँटनीला विनंती करतो. कॅटोच्या राईत माणूस मागत होता. येथे वनदेवच मागतो आहे. याचना करणारा आणि याचना ऐकणारा यांची अदलाबदल झाली आहे.

या अदलाबदलीचा वारसा विसाव्या शतकातील अद्भुत साहित्यापर्यंत पोहोचतो. सी. एस. लुईसच्या १९५० साली प्रसिद्ध झालेल्या नार्नियाच्या पहिल्या कादंबरीत बर्फाळ रानात ल्यूसीला जो टम्नस भेटतो, तो रोमन फॉनसचा थेट वंशज. तो तिला घरी नेतो, चहा देतो, आणि मग आपण तिला चेटकिणीच्या हवाली करणार होतो हे कबूल करून रडू लागतो. रानाचा देव एका लहान मुलीपुढे क्षमा मागतो आणि ती मोठ्या मनाने ती देते. त्या रानाचे सिंहासनही माणसाच्या लेकरांसाठीच राखून ठेवलेले आहे. लुईसला वनदेवांविषयी खरे प्रेम होते हे त्याच्या पानापानांवर दिसते. परंतु प्रेमाने जवळ केलेल्या या देवाजवळ नकाराचा अधिकार उरलेला नाही. मध्ययुगाने त्याला दुष्ट ठरवून तो काढून घेतला. अद्भुत साहित्याने त्याला गोड करून तो काढून घेतला. परिणामाच्या दृष्टीने या दोहोंतील अंतर वाटते तितके मोठे नाही.

४

येथपर्यंतचा युक्तिवाद युरोपापुरता राहिला, तर एक सोपा निष्कर्ष हाती येतो. लिन व्हाइटने १९६७ सालच्या आपल्या गाजलेल्या निबंधात तो मांडला होता: झाडाझऱ्यांतील देव ख्रिस्ती धर्माने नाहीसे केले आणि त्यामुळे निसर्गाच्या शोषणाचा मार्ग मोकळा झाला. देव राहिले असते तर रान राहिले असते, असा याचा व्यत्यास. पुणे जिल्ह्याच्या पूर्व भागात, जुन्या भीमथडीत, या व्यत्यासाची परीक्षा घेता येते. कारण तेथे देव नाहीसे झालेले नाहीत.

पाटस हे दौंड तालुक्यातील पुणे-सोलापूर महामार्गावरचे गाव. सह्याद्रीच्या पर्जन्यछायेतील हा प्रदेश. येथे उंच वृक्षांचे अरण्य शोधू नये. येथले रान म्हणजे माळरान. ‘रान’ हा शब्द ‘अरण्य’ या शब्दापासून आला, पण शेतकरी ‘रानात जातो’ म्हणतो तेव्हा तो आपल्या शेतात जात असतो, आणि गावाच्या सामाईक चराईला ‘गायरान’ म्हणतो. जंगल, माळ आणि शेत यांना एकच शब्द पुरतो, याचा अर्थ यांच्यामधली सीमा भाषेने कधी पक्की केली नाही. बांधावरचा शेंदूर फासलेला म्हसोबाचा तांदळा याच अनिश्चित सीमेवर बसलेला असतो. भूमापकांचा तिसरा सिल्वॅनस तो हाच, असे म्हणण्याचा मोह व्हावा.

गुंथर सोन्थायमर यांनी १९७६ साली जर्मनमध्ये आणि १९८९ साली इंग्रजी अनुवादात प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात बिरोबा, म्हस्कोबा आणि खंडोबा या धनगरी दैवतांचा जो शोध घेतला, त्याच्या मुळाशी ‘वन’ आणि ‘क्षेत्र’ हे द्वंद्व आहे. दिवाळीनंतर मेंढरे घेऊन कोकणाकडे जाणारा आणि पावसाळ्यापूर्वी कोरड्या माळावर परतणारा धनगर वाटेत शेतकऱ्याच्या शेतात मेंढ्या बसवतो. शेताला खत मिळते, धनगराला धान्य. वन आणि क्षेत्र यांच्यातील हा व्यवहार खंडोबाच्या संसारातही उमटला आहे. म्हाळसा वाण्याची, बाणाई धनगराची. जेजुरीच्या गडावर म्हाळसा देवाशेजारी, बाणाईचे देऊळ मात्र खाली पायऱ्यांच्या वाटेवर.

संस्कृतीकरणाच्या प्रक्रियेत या देवाला मार्तंडभैरव हे नाव आणि मल्लारिमाहात्म्य हा ग्रंथ मिळाला. त्या कथेत मणी दैत्य शरण येऊन वर मागतो आणि देवाच्या सान्निध्यात त्याला स्थान लाभते. टम्नसची क्षमायाचना येथे वेगळ्या वेषात भेटते: रानाचा जुना मालक पराभूत होऊन याचक बनतो, आणि याचक बनूनच पूज्य होतो. रा. चिं. ढेरे यांनी ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ (१९८४) या ग्रंथात विठ्ठलाचे मूळ गवळी-धनगरांच्या दैवतात शोधले. तुकोबांची पालखी वरवंडहून पाटसमार्गे रोटीचा घाट चढून उंडवडी गवळ्याची या गावी मुक्कामाला जाते. पुढे काटेवाडीला धनगरांच्या मेंढ्या तिच्याभोवती रिंगण धरतात. ढेरे यांचे प्रतिपादन स्वीकारले, तर मेंढ्या येथे आपल्याच जुन्या देवाच्या वाटेवर फेर धरतात असे म्हणावे लागेल.

तेव्हा देव आहेत, त्यांचे भक्त आहेत, रिंगणही आहे. रान मात्र उरलेले नाही. मुठा उजव्या कालव्याचे पाणी आले, ऊस आला, पाटसला भीमा सहकारी साखर कारखाना उभा राहिला, शेजारी कुरकुंभला औद्योगिक वसाहत झाली. यांतील कोणत्याही गोष्टीला म्हसोबाने अडविले नाही. उलट त्यांच्या कडेने त्याला चौथरा आणि फरशी मिळाली. हा बदल केवळ ऱ्हास म्हणून पाहणे अन्यायाचे होईल. दुष्काळी माळावर पाणी येणे म्हणजे काय, हे तेथे राहणाऱ्यालाच कळते. प्रश्न एवढाच आहे की देवाच्या अस्तित्वाने रान टिकते हे गृहीतक येथे खोटे ठरते.

५

मग टिकते कशाने? जिल्ह्याच्या पश्चिमेला, मुळशी-वेल्हे-भोरच्या डोंगरांत, देवराया आहेत. वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी १९७० च्या दशकात त्यांचा अभ्यास केला. वाळलेली काटकीही उचलू नये असा नियम जेथे पाळला जातो, तेथे देवापेक्षा नियम पाळणारा समाज अधिक महत्त्वाचा. झाड तोडायचे झाल्यास देवाला कौल लावतात, आणि कौल डावाही येऊ शकतो. कौलही पुन्हा लावता येतो हे खरे; कॅटोची पळवाट येथेही आहे. परंतु डावा कौल साऱ्या गावासमोर येतो, आणि तो गुंडाळून ठेवायचा तर गावाच्या डोळ्यांदेखत ठेवावा लागतो. देवाच्या नकाराला साक्षीदार आहेत.

हा नकार कायद्याच्या भाषेतही बोलू शकतो. ओडिशातील नियमगिरीवर बॉक्साइटचे खाणकाम व्हावे की नाही, हे २००६ च्या वनहक्क कायद्याच्या आधारे ग्रामसभांनी ठरवावे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने १८ एप्रिल २०१३ रोजी दिला. नियमराजा हा डोंगरिया कोंधांचा देव; बाराही ग्रामसभांनी खाणीला नकार दिला. देवाचे ‘नाही’ माणसांच्या ठरावातून उच्चारले गेले, आणि ते ऐकणे व्यवस्थेला भाग पडले.

माळरानाच्या वाट्याला असा आवाज आला नाही. महसुली भाषेत ते ‘पडीक’ ठरले. आणि पडीक जमीन कोणाचीच नसल्याने तिच्यासाठी विचारायचे तरी कोणाला? सुप्याजवळ १९९७ साली घोषित झालेले ५.१४ चौरस किलोमीटरचे मयूरेश्वर अभयारण्य चिंकाऱ्याच्या वतीने नकार देते खरे, परंतु अभयारण्य म्हटले की चराईवर निर्बंध आलेच. त्यामुळे ज्या धनगराने हे रान देवासह ओळखले होते, त्यालाच तेथे परवानगी मागावी लागते. अदलाबदलीचा हा आणखी एक प्रकार.

वनदेवाचे स्तोत्र गाण्याचे मात्र कारण नाही. हे देव रक्त मागत; सिल्वॅनसच्या नवसाला कॅटोने स्त्रीची उपस्थितीच काय, दृष्टीही वर्ज्य ठरविली होती; आपल्याकडच्या लोकदेवांच्या मानपानातही जातीची उतरंड आहे. तथापि त्या निनावी प्रार्थनेत एक गोष्ट अशी होती की जिला पर्याय सापडलेला नाही. जो समोर नाही, ज्याचे नाव ठाऊक नाही, त्याचाही येथे हक्क आहे, असे ती मानीत होती. तो आधी होऊन गेलेला असेल, दिवाळीनंतर निघून गेलेला असेल किंवा अजून जन्माला यायचा असेल.

साहित्यसमीक्षेला या ठिकाणी काम आहे. अद्भुत साहित्यातले रान सुंदर आहे की नाही, यापेक्षा तेथला देव कोणाला काही नाकारतो की नाही, हे तिने विचारावे. आणि वास्तववादी साहित्याकडेही तिने या दृष्टीने पुन्हा पाहावे. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’त (१९५५) शेवटी दुष्काळाने गाव उठून जाते. तेथे कोणताही देव अवतरत नाही, कोणी क्षमा मागत नाही. रिकामी झालेली वाडी आणि माळ मात्र उरतात, आणि ती जागा गेलेल्यांची आहे हे वाचकाला सांगावे लागत नाही.