राजीनामा आणि न्यायासन

पेशव्यांच्या अमदानीत एखादा तंटा पंचायतीपुढे निघाला म्हणजे वादी आणि प्रतिवादी या दोघांकडून प्रथम एक कागद लिहून घेत. पंच करतील तो निवाडा आम्हांस मान्य, अशा आशयाच्या या कागदास राजीनामा म्हणत, आणि आज हा शब्द आपण चाकरी सोडण्याच्या पत्रापुरताच उरू दिला असला, तरी राजी होऊन लिहून दिलेला कागद हाच त्याचा मूळ अर्थ होय. असा शब्द देऊन चुकलेल्या मनुष्याने, पंचांचा रोख आपल्याविरुद्ध जातो असे दिसताच, सरकारच्या न्यायासनाकडे धाव घ्यावी काय? मला हा प्रश्न केवळ कायद्याचा वाटत नाही. तो सत्यवचनाचा, म्हणजे धर्माचा आहे.

दाद मागण्याचा हक्क सर्वस्वी हिरावून घेणारा करार 1872 च्या करार कायद्याच्या 28 व्या कलमाने रद्दबातल ठरविला, परंतु तंटा लवादाकडे सोपविण्याच्या कराराला त्याच कलमाने अपवाद म्हणून अभय दिले. यात विसंगती नाही. पंचांकडे जाणारा मनुष्य न्यायाचा त्याग करीत नसतो, तो न्यायाचे स्थान निवडीत असतो. याज्ञवल्क्याने राजाने नेमलेल्या अधिकाऱ्यांबरोबरच पूग, श्रेणी आणि कुल यांनाही निर्णयाचा अधिकार मान्य केला, आणि खालच्या सभेच्या निर्णयाने समाधान न झाल्यास वरच्या सभेकडे जाण्याची वाट विज्ञानेश्वराने मिताक्षरेत मोकळी ठेवली.

खरी अडचण निराळीच आहे. आपण शब्द दिलाच नव्हता, असे एका पक्षाने म्हटल्यास त्याचा निर्णय कोणी करावा? पंचांनी करावा म्हटले तर, ज्या संमतीतून त्यांचा अधिकार उपजतो तिचीच सिद्धता ते आपल्या अधिकाराने करू लागतात, आणि नैयायिक ज्याला आत्माश्रय म्हणतात तो दोष उघड दिसतो. न्यायालयाने करावा म्हटले तर प्रत्येक अप्रामाणिक देणेकऱ्याला वर्षानुवर्षे तंटा लांबविण्याची सनदच मिळते. 1996 च्या लवाद कायद्याने 16 व्या कलमान्वये हा निर्णय पंचांकडे दिला, आणि मूळ करार निरर्थक ठरला तरी त्यातील लवादाचे कलम आपोआप मरत नाही असेही तेथेच सांगितले. भांडण झाल्यास ते कसे मिटवावे याविषयीचे वचन करार मोडण्याच्या घटकेसाठीच दिलेले असते, म्हणून मला हे पटते. मुद्रांक न लावलेल्या करारातील लवादाचे कलम अमलात आणता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या पीठाने 2023 च्या एप्रिलमध्ये बहुमताने ठरविले; त्याच वर्षीच्या डिसेंबरात सात न्यायाधीशांनी ते फिरवून, हा दोष दुरुस्त होण्याजोगा असून त्याचा विचार पंचांनीच करावा, असा निर्णय दिला. हा निर्णय योग्यच होता. लवादाचा करार अस्तित्वात आहे काय एवढे वरवर पाहून न्यायालयाने बाजूस व्हावे, आणि निवाड्यानंतर 34 व्या कलमात सांगितलेल्या मोजक्या कारणांपुरतेच पुन्हा लक्ष घालावे, हेच उचित.

तथापि एक शल्य राहते. पेशवाईतील राजीनामा तंटा उभा राहिल्यावर, प्रतिपक्ष कोण, पंच कोण आणि वाद कशाचा हे जाणून लिहिला जाई. आजचे कलम कर्जाच्या छापील कागदात, बारीक अक्षरांत, वादाचा मागमूस नसताना येते, आणि गरजू मनुष्य कुठलाही फेरफार करण्याची मुभा नसताना त्यावर सही करतो. ज्याला नकार देताच येत नव्हता त्याच्या होकाराला संमती म्हणावयास माझे मन धजत नाही. निकालात ज्याचा हितसंबंध गुंतला आहे त्याने एकट्यानेच पंच नेमू नये, असे 2019 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, ते याच न्यायबुद्धीने. व्यापाऱ्या-व्यापाऱ्यांतील करारात न्यायालयाने दूर राहावे, हे मला सर्वथा मान्य आहे. छापील कागदापुढे बसलेल्या एकट्या माणसाच्या बाबतीत मात्र, त्याने शब्द खरोखर दिला होता काय, याची चौकशी त्याला पंचांकडे धाडण्यापूर्वी न्यायालयानेच करावी. वाचकांना माझी विनंती एवढीच की, पुढच्या कागदावर सही करण्यापूर्वी त्यातील लवादाचे कलम शोधून काढावे, आणि पंच कोण नेमणार व ते कोणत्या शहरी बसणार, या दोन गोष्टी स्वतः वाचून पाहाव्यात.