मुळे नसलेली वेल



आपल्या वाळवा तालुक्यात ज्याने म्हशीसाठी लसूणघासाचा वाफा केला आहे, त्याला अमरवेल काय असते ते सांगायला नको. हिरव्यागार घासात एके दिवशी पिवळ्या दोऱ्याचा गुंता दिसू लागतो. बी रुजून वर येते तेव्हा तो नुसता एक कोवळा तंतू असतो. थोड्या दिवसांत आधाराचे रोप मिळाले नाही तर तो वाळून मरतो. मिळाले की त्याला वेढे घालतो, त्याच्या खोडात बारीक शोषके घुसवतो आणि मग जमिनीशी त्याचा संबंध तुटतो. मूळ नाही, पान नाही. सारे जगणे दुसऱ्याच्या रसावर. (बांडगुळाला आपण उगीच अधिक शिव्या देतो. त्याला निदान हिरवी पाने असतात, थोडे अन्न ते स्वतः तयार करते.)

आता अशी एक वेल कल्पा, जी झाडाचा नव्हे तर माणसाच्या भावनांचा आणि आठवणींचा रस पिऊन वाढते. अशी वेल कोणत्याही वनस्पतिशास्त्राच्या पुस्तकात सापडणार नाही. पण आपल्यापैकी पुष्कळांच्या घरात ती आहे, आणि मी तिला मरीआई म्हणतो. हे वाचून काही मातामाऊल्या रागावतील. रागवावे, पण पुढचे वाचावे.

मरीआई ही पटकीची देवी. पटकी आली की पूर्वी वस्तीत दिवसाला कितीतरी मढी निघत. पोर सकाळी खेळत असे आणि रात्री नसे. ज्या आईचे पोर असे गेले, तिच्या काळजातले प्रेम, भय आणि ती आठवण हे सारे खरे होते. त्या खऱ्या रसावर देवीने वेढे घातले. मग आली कोंबडी, बकरे, पोतराजाचा आसूड, गावाच्या शिवेबाहेर नेऊन सोडलेला मरीआईचा गाडा. आईचे दुःख जितके मोठे, तितकी देवी जागृत!

पटकी होते कशाने? दूषित पाण्याने. लंडनमध्ये डॉ. जॉन स्नो यांनी ही गोष्ट 1854 साली एका सार्वजनिक पंपाच्या पाण्यावरून दाखवून दिली. आता आपल्या वाडवडिलांना पाणी कोणते मिळत होते ते आठवा. गावची विहीर बंद. ओढ्याचे, डबक्याचे, गुरे बसतात तिथले पाणी आपले. म्हणजे पोर नेले ते विहिरीवरच्या बंदीने, आणि नाव झाले देवीचे. या वेलीने नुसता रस प्याला नाही. तिने खरा गुन्हेगार आपल्या गुंत्याखाली झाकून ठेवला. आपले लोक देवीची ओटी भरत राहिले आणि विहीर बंदच राहिली. 20 मार्च 1927 रोजी महाडला बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले, तेव्हा हक्काच्या प्रश्नाबरोबर हा झाकलेला गुन्हाही उघड्यावर आला, असे मला वाटते.

भगवान बुद्धांनी अशा वेलीची गोष्ट सांगितली आहे. ती मज्झिमनिकायात आहे. उन्हाळ्याच्या शेवटी मालुवा वेलीची शेंग तडकते आणि एक बी शालवृक्षाच्या बुंध्याशी पडते. त्या झाडावरची वृक्षदेवता घाबरते. सोबतिणी तिची समजूत घालतात, की भिऊ नकोस, ते बी मोर गिळेल, हरीण खाईल, वणव्यात जळेल, वाळवी खाईल. यातले काहीच होत नाही. पाऊस पडतो आणि बी रुजते. कोवळी, मऊ, लवदार वेल झाडावर चढू लागते. तिचा स्पर्श देवतेला सुखाचा वाटतो. यात भिण्यासारखे होते तरी काय, असे ती म्हणते. पुढे वेल वर मांडव घालते आणि झाडाच्या मोठमोठ्या फांद्या मोडते. गोष्टीत वृक्षदेवता आली म्हणून तिला पुजायला कुणी जाऊ नये. ती गोष्टीपुरती आहे. लक्षात घ्यायचा तो स्पर्श. नवस बोलल्यावर जिवाला जरा बरे वाटते ना, तोच हा.

येथे एक रास्त शंका येते. वेल काढायची म्हणजे आठवणही काढायची काय? गेलेल्या लेकराला, आजीला, तिच्या उपासातापासाला विसरायचे काय? मला तसे वाटत नाही. पारख सोपी आहे. मूळ कुणाला आहे ते पाहा. मरीआई बाजूला केली तरी लेकराची आठवण उभी राहते. भय बाजूला केले तर मरीआई उभी राहत नाही.

आठवण स्वतःच्या मुळावर कशी उभी राहते याचे उदाहरण आपल्यापासून फार लांब नाही. कऱ्हाड तालुक्यातले मसूर स्टेशन घ्या. 1901 साली लहानगे भीमराव साताऱ्याहून भावाभाच्यांबरोबर वडिलांना भेटायला निघाले आणि तेथे उतरले. जात कळल्यावर कुणी गाडीवान त्यांना नेईना. शेवटी दुप्पट भाड्याने एक तयार झाला, तेही मुलांनी गाडी हाकायची आणि त्याने बाजूने चालायचे या अटीवर. बरोबर खायला होते, पण वाटेत प्यायला पाणी मिळाले नाही. मोठेपणी बाबासाहेबांनी हा प्रसंग 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या लेखनात बारीकसारीक तपशिलासह लिहिला. ते काही विसरले नव्हते. पण त्या आठवणीवर त्यांनी ना दैवाची वेल चढू दिली, ना नुसत्या सूडाची. असे का झाले, एवढाच प्रश्न त्यांनी तिला विचारला आणि जन्मभर विचारला.

आणि म्हणून आणखी एक गोष्ट बोलणे भाग आहे. बावीस प्रतिज्ञांत मरीआईचे नाव वेगळे घेतलेले नाही. तिसऱ्या प्रतिज्ञेत सगळ्याच देवदेवता आल्या. तरी देव्हारा काढून त्याच खिळ्यावर बाबासाहेबांची तसबीर लावायची आणि तिच्यापुढे नारळ फोडून पोराच्या पास होण्याचे मागणे मागायचे, हे काय आहे? झाड बदलले, वेल तीच! ज्या माणसाने आपल्याला अभ्यास करा म्हणून सांगितले, त्याच्याकडे अभ्यासावाचून पास होण्याचा नवस!

मात्र आजीच्या हातातून देवाचे टाक हिसकावून नदीत फेकणारा पदवीधर नातूही मला पटत नाही. अमरवेल नुसती ओरबाडली तर तुकडे मागे राहतात आणि प्रत्येक तुकडा नव्या रोपाला धरतो. जाणता शेतकरी तिला फुले येण्याआधी गाठतो, कारण तिचे बी जमिनीत वर्षानुवर्षे जिवंत राहते. लहान मुलांच्या मनात भय पेरले जाण्याआधीच बोलायला हवे, आणि ते आजीच्या देखत, आजीला बरोबर घेऊन. वंदना झाल्यावर तिच्याजवळ बसा. तिच्या किंवा तिच्या सासूच्या गेलेल्या लेकराची हकिगत तिला सांगू द्या, रडू द्या, मध्ये तोडू नका. सांगून झाले की हलकेच विचारा, "आजी, त्या दिवशी घरात पाणी कुठले भरले होते?"