वैमानिक नसलेला फो

हनोईत फो सहसा घरी करत नाहीत. सकाळी गल्लीच्या तोंडाशी जायचं, बुटक्या प्लॅस्टिकच्या स्टुलावर गुडघे पोटाशी घेऊन बसायचं, वाडगा संपवायचा आणि कामाला लागायचं, ही तिथली रीत. तांदळाच्या चपट्या ओल्या शेवया, त्यांवर मांसाचे काप, कांद्याची पात आणि वरून ओतलेला उकळता, नितळ रस्सा एवढाच हा पदार्थ. गोमांसाचा तो फो बो, कोंबडीचा तो फो गा. रस्सा तासन्‌तास मंद आचेवर ठेवावा लागतो, हाडंही ढीगभर लागतात. चौघांच्या घरात एवढा खटाटोप करण्यापेक्षा कोपऱ्यावरच्या बाईकडे गेलेलं केव्हाही शहाणपणाचं. जिवाला बरं वाटेल असं काही खावंसं वाटलं की आपल्याला स्वयंपाकघर आठवतं, आई आठवते, तापात अंगावर ओढलेली गोधडी आठवते. हनोईच्या माणसाला फूटपाथ आठवतो.

असं असूनही, मन निववणारं एशियन पद्धतीचं चिकन नूडल सूप घरच्या घरी कसं करावं, हे सांगणाऱ्या पाककृतींना आज तोटा नाही. त्यातल्या बऱ्याचशा वाचताना मला वाण्याची यादी वाचल्यासारखं वाटतं. सोया सॉस, तिळाचं तेल, मिसो, नारळाचं दूध, गवती चहा, मिरचीचं तेल. जपानपासून इंडोनेशियापर्यंतच्या बाटल्या एका पातेल्यात रिकाम्या करायच्या आणि वर तीळ भुरभुरायचे. चव वाईट लागते असं नाही, बऱ्याचदा चांगलीच लागते. पण अशा सूपाने जिवाला जो आधार मिळतो तो भरपूर जिन्नसांतून येतो, हे मला पटत नाही. काहीतरी नव्हतं म्हणून कुणीतरी केलेल्या खटपटीतून तो येतो. फोची सगळी गोष्टच तशी आहे.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हनोई आणि नाम दिन्ह या भागात फो रुजला. तिथल्या शेतकऱ्याच्या लेखी बैल नांगराला जुंपायचा, कापायचा नाही. फ्रेंच आले आणि त्यांना ताटात गोमांस हवं झालं. मऊ मांस साहेबाच्या घरी गेलं, हाडं आणि चिवट तुकडे मागे उरले. ते स्वस्तात घेऊन फेरीवाल्यांनी कावडी भरल्या. एका टोकाला पेटती चूल आणि पातेलं, दुसऱ्या टोकाला शेवया आणि वाडगे. फोचा मूळ पुरुष चिनी की फ्रेंच, यावर पुष्कळ शाई खर्च झाली आहे. व्हिएतनामी माणूस दोघांनाही श्रेय द्यायला नाखूश असतो आणि माझं मत त्याच्याच बाजूने आहे. हाडं कुणाच्या जेवणातून उरली, याला मी फार किंमत देत नाही. ती उकळत रात्र काढली ती या कावडवाल्यांनी.

कोंबडीचा फो तर सरळसरळ नाइलाजाचा. १९३९च्या सुमाराला हनोईत सोमवारी आणि शुक्रवारी गोमांस विकायला बंदी होती, असं सांगतात. गिऱ्हाईक तर रोजचं. मग त्या दोन दिवसांपुरती कावडीवर कोंबडी आली. जुन्या खवय्यांनी नाकं मुरडली. कोंबडीचा रस्सा पातळ, त्याला हाडाचा दम नाही, हा फो कसला? पुढे बंदी गेली, कोंबडी राहिली. आज हनोईत फक्त फो गा विकणारी दुकानं आहेत आणि तिथे गोमांस मागितलं तर पुढची गल्ली दाखवतात.

नाकं मुरडणाऱ्यांमध्ये न्गुयेन तुआन हा मोठा ललित लेखक होता. ‘फो’ याच नावाचा त्याचा १९५७चा निबंध व्हिएतनामी गद्यात मानाचा समजला जातो. त्याचा कौल गोमांसाच्या बाजूने, आणि तो देताना त्याने जराही भीड ठेवलेली नाही. मला त्याहून जास्त रस आहे तो या निबंधाला निमित्त कसं मिळालं यात. तुआन एका शिष्टमंडळाबरोबर फिनलंडमध्ये होता. परक्या थंडीत, परक्या जेवणापुढे बसून ही मंडळी फोबद्दल बोलू लागली. म्हणजे फोवरचा हा सर्वांत गाजलेला निबंध फो मिळत नव्हता तेव्हा सुचला. मायदेशी त्यावर टीका झाली. देश इतक्या हलाखीत असताना चवीढवीचं कौतुक कसलं करता, असा टीकेचा सूर होता. लेखकाची बाजू घ्यावीशी वाटते, पण टीकाकारांचा मुद्दाही अगदीच टाकाऊ नव्हता, कारण पुढची वर्षं आणखी कठीण निघाली.

१९६०च्या दशकात उत्तर व्हिएतनामच्या आकाशात अमेरिकेची वैमानिक नसलेली टेहळणी विमानं घिरट्या घालू लागली. जमिनीवर मांस रेशनवर गेलं होतं. सरकारी खानावळीतल्या फोच्या वाडग्यात शेवया असत, पात असे, गरम पाणी असे, चवीला भरपूर अजिनोमोटो असे. मांस नसे. हनोईकरांनी त्याला नाव दिलं, वैमानिक नसलेला फो. बॉम्ब पडत असताना एखाद्या गावाला असा विनोद सुचतो, तेव्हा त्या गावाच्या पाठीचा कणा शाबूत आहे हे ओळखावं. हा फो युद्धानंतरही टिकला. १९८६मध्ये सरकारने आर्थिक धोरण सैल केलं आणि खासगी दुकानं हळूहळू परत आली, तेव्हा कुठे वाडग्यात वैमानिक चढला.

मात्र इथे माझ्याच म्हणण्याला अडचण येते. उणिवेतूनच आधार निर्माण होत असेल, तर वैमानिक नसलेला फो आज सर्वांत लाडका असायला हवा होता. तो कुणालाच नको आहे. ज्यांनी रांगा लावून तो खाल्ला ते त्याची गोष्ट हसत सांगतात, पण घरी करून मुलांना वाढत नाहीत. नुसती टंचाई माणसाला ऊब देत नाही, खंगवते. टंचाईला कुणीतरी काहीतरी उत्तर शोधावं लागतं आणि त्या उत्तरात खाणाऱ्याचा विचार असावा लागतो. सोमवारच्या कावडीवरच्या कोंबडीत तो होता. सरकारी खानावळीच्या पाण्यात तो नव्हता, आणि त्याचा दोष वाढणाऱ्या बाईकडे जात नाही.

हनोईच्या घरात जे कोंबडीचं सूप खरोखर शिजतं ते फोपेक्षा वेगळं. तेत, म्हणजे चांद्र नववर्ष, आलं की पूर्वजांच्या देव्हाऱ्यापुढे अख्खी उकडलेली कोंबडी ठेवतात. कातडी पिवळीधमक आणि न फाटलेली असली पाहिजे, म्हणून पाणी खळखळू देत नाहीत आणि शिजल्यावर कोंबडी लगेच गार पाण्यात घालतात. पूर्वजांचं झालं की घरच्यांनी खायची. उरतं ते पातेलंभर पाणी, थोडं मांस, अंडी आणि सणाच्या वस्तूंतलं हे-ते. त्यातून होतं ते बुन थांग. बारीक गोल शेवया, वर कोंबडीच्या तारा, अंड्याच्या पातळ पोळीच्या सुतासारख्या पट्ट्या, डुकराच्या मांसाच्या वडीचे काप, सगळं रंगारंगाने मांडलेलं. रस्सा चविष्ट करायला सुकी कोळंबी. आणि पूर्वी, ज्याला परवडेल त्याच्या वाडग्यात, पाण्यातल्या एका मोठ्या किड्याच्या अर्काचा एक थेंब. हे वाचून ज्यांनी तोंड वाकडं केलं त्यांनी हिंगाचा डबा प्रथमच उघडणाऱ्या परदेशी पाहुण्याचा चेहरा आठवावा. उरलंसुरलं असूनही बुन थांग गबाळं नसतं. सण संपलेला असतो, पाहुणे गेलेले असतात, आणि घरातली बाई अंड्याची पोळी दोऱ्यासारखी कापत बसलेली असते. एवढी नजाकत कुणासाठी? घरच्यांसाठीच.

फो घरात शिरला तो रस्ता सुटल्यामुळे. १९५४मध्ये देशाची फाळणी झाली आणि आठ लाखांहून अधिक लोक उत्तरेतून दक्षिणेत गेले. त्यांच्याबरोबर फो सायगावला पोहोचला, तिथे जरा गोड झाला आणि त्याच्याशेजारी मोड आलेले मूग आणि कच्च्या पाल्याची ताटली आली. १९७५मध्ये सायगाव पडलं आणि माणसं कॅलिफोर्निया, टेक्सास, पॅरिस, सिडनीपर्यंत पांगली. सुरुवातीला तिथे ना कोपरा होता ना कोपऱ्यावरची बाई. ज्या आयांनी आयुष्यभर फो विकत खाल्ला होता त्यांना तो नोकरीतून मिळालेल्या एका सुट्टीच्या दिवशी, मोठ्या पातेल्यात, आठवणीच्या भरवशावर रांधावा लागला. घरी फो कसा करावा हे सविस्तर सांगणारं ‘द फो कुकबुक’ हे पुस्तक २०१७ साली अमेरिकेत निघालं, आणि त्याच्या लेखिका अँड्रिया न्गुयेन १९७५मध्ये लहानपणी देश सोडून आलेल्या, हा मला योगायोग वाटत नाही. हनोईत अशा पुस्तकाची गरज कुणाला पडली असती?

आता आपल्या ओट्याकडे. आपल्याला ना सायगाव सोडावं लागलं ना गोमांसाचे वार पाळावे लागले. मग व्हिएतनामी पद्धतीचं कोंबडीचं सूप आपण का करावं आणि कसं? ‘का’चं उत्तर सोपं आहे, चांगलं लागतं म्हणून. ‘कसं’ यात मात्र काय घालू नये याला महत्त्व. कोंबडीचा अंगचा गंध हलका असतो आणि तो बाटल्यांखाली पटकन मरतो. आपल्याकडे मसाला पडण्यापूर्वी काढून ठेवलेली अळणी ज्यांनी लहानपणी प्यायली आहे त्यांना हे वेगळं सांगायला नको. गावठी कोंबडी मिळाली तर उत्तम. चाळीसेक दिवसांत वाढवलेल्या ब्रॉयलरला मांस असतं, पण चालत्याफिरत्या कोंबडीच्या सांध्याकातडीतलं चिकट सत्त्व त्यात कमी. ब्रॉयलरच असेल तर वर चार-सहा पाय घालावेत, कसाई ते जवळजवळ फुकट देतो. त्या सत्त्वाचं मंद आचेवर जिलेटिन होतं, रस्सा ओठांना किंचित चिकटतो आणि पातळ असूनही भरीव लागतो.

हाडं आणि पाय एकदा उकळी आणून ते पाणी फेकायचं, धुवायचं, मग अख्ख्या कोंबडीसकट नवं गार पाणी. आलं आणि कांदा सालासकट गॅसवर काळे होईपर्यंत भाजायचे, काळं खरवडायचं आणि पाण्यात सोडायचे. थोडे धणे. पाण्याने बुडबुडे सोडावेत पण उड्या मारू नयेत. जोरात उकळलं की चरबी फुटून पाण्यात मिसळते आणि रस्सा गढूळ होतो. मांस शिजलं की कोंबडी बाहेर, मांस सोडवून बाजूला, सांगाडा परत आत, आणखी दीड-दोन तास. मिठाबरोबर माशाचं सॉस अगदी शेवटी, कारण फार वेळ उकळलं की ते नाकात जातं. ते नसेल तर बुन थांगचा मार्ग धरून मूठभर सोडे सुरुवातीलाच टाकावेत. कोकणातल्या माणसाला हे पटवून द्यावं लागणार नाही. चक्रीफूल मात्र जपून. व्हिएतनामच्या उत्तरेकडचा लांग सोन प्रांत त्यासाठी नावाजलेला आहे आणि भारत त्या फुलांचं मोठं गिऱ्हाईक, तेव्हा आपल्या मसाल्याच्या डब्यातलं फूल तिथूनच आलेलं असण्याचा पुष्कळ संभव आहे. तरी गोमांसाला ते शोभतं, कोंबडीवर कुरघोडी करतं. एक पाकळी पुष्कळ झाली.

सर्दीवर याचा उपयोग होतो का? अमेरिकेतल्या नेब्रास्का विद्यापीठात स्टीफन रेनार्ड यांनी २०००मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात कोंबडीच्या सूपाने काही पांढऱ्या पेशींची धावपळ मंदावलेली दिसली. पण ती परीक्षानळीत. माणसाच्या नाकात तसंच होतं, असा अर्थ त्यातून काढता येत नाही. गरम वाफेने नाक मोकळं होतं एवढं आपलं आपल्याला कळतंच.

राहता राहिलं फो गावरचं लिंबाचं पान, ज्याशिवाय हनोईचा माणूस उकडलेल्या कोंबडीला हात लावत नाही. सुपरमार्केटात थायलंडची गोठवलेली पानं सोन्याच्या भावाने मिळतात. ती आणू नयेत, त्यांचा वास निराळा आणि फार उग्र. हनोईत कोंबडीवर पडतं ते पान आपल्या कागदी लिंबाच्या जातीचंच. कुणाच्या तरी परसात किंवा सोसायटीच्या कुंपणाशी ते झाड असतंच. दोन कोवळी पानं, मधली शीर काढून, केसासारखी बारीक कापायची आणि रस्सा ओतण्यापूर्वी मांसावर टाकायची. लिंबं तोडली की झाडाचा मालक ओरडतो. पानांचं कुणी काही म्हणत नाही.