संघ कोणाचा?

विहीर ज्यानें खणली, त्यास ती बुजविण्याचा अधिकार आहे काय? स्वतःच्या आवारांत असेल तर असावा. पण गांव वर्षानुवर्षें तिचें पाणी भरीत असेल तर?

मुंबईच्या महिंद्रा युनायटेड या फुटबॉल-संघाचें असेंच झालें. जीपगाड्या बनविणाऱ्या कंपनीनें तो १९६२ सालीं काढला. २००५-०६ मध्यें त्यानें राष्ट्रीय लीग जिंकली. २०१० सालीं कंपनीनेंच तो मोडला. कंपनी बुडाली नव्हती. शाळकरी मुलांच्या फुटबॉलकडे लक्ष द्यावें, असा तिचा विचार होता. हेतु वाईट म्हणवत नाहीं. आणि पगार देणाऱ्याचा हात कोणीं धरावा? तरी कूपरेजच्या मैदानावर घसा बसेपर्यंत ओरडणाऱ्यानें जें दिलें, तें कोणत्या वहींत जमा होतें?

इकडे आमच्या वऱ्हाडांत अमरावतीचें श्रीहनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ पासून उभें आहे. १९३६ च्या ऑलिंपिकप्रसंगीं त्याचें पथक बर्लिनला देशी खेळ दाखवून आलें. मंडळ सार्वजनिक, म्हणजे त्याचा भारहि सार्वजनिक. हें आम्हां प्रेक्षकांस मोठ्या सोयीनें विसरतां येतें. मालकाला निष्ठुर म्हणण्यापूर्वीं मीं स्वतःस विचारलें: तिकिटाच्या पैशांपलीकडे कोणत्याहि संघासाठीं मीं आजवर काय दिलें? उत्तरास फार वेळ लागला नाहीं.