गाडी कोणीं चालविली?

मोटारसायकल आतां आपल्या लहानशा मंडळ्यांतही पुष्कळांच्या दारीं उभी असते, आणि तिच्या मागोमाग सरकारी नोटीसही येते. १९८८ च्या मोटार वाहन कायद्याच्या १३३ व्या कलमाप्रमाणें अधिकार दिलेल्या पोलीस अंमलदारानें विचारल्यास, अपराधाच्या वेळीं गाडी कोण चालवीत होतें हें मालकानें सांगितलेंच पाहिजे. आतां ती अठरा वर्षांखालच्या मुलानें नेली असेल तर? २०१९ च्या दुरुस्तीनें अशा मुलाच्या पालकास किंवा गाडीच्या मालकास तीन वर्षांपर्यंत कैद व २५,००० रुपये दंड ठेविला आहे. आपणांस ठाऊक नव्हतें असें सिद्ध केल्यास सुटका. मग घरांत कुजबुज होते कीं, परवाना असलेल्या पुतण्याचें नांव लिहावें, अथवा बापानें आपलेंच लिहावें.

कोणी म्हणतात, "प्रभूनें आमचा दंड आपणावर घेतला, बापानें मुलाचा घेतला तर पाप कोणतें?" हा प्रश्न भोळ्या अंतःकरणांतून येतो, म्हणून तो हंसण्यावारी नेऊं नये. परंतु प्रभूनें आमची शिक्षा सोसली. आमचें पातक मीं केलें असें तो कोठेंही बोलला नाहीं. वधस्तंभावर दुसऱ्याचा भार आहे, खोटी साक्ष नाहीं. शिवाय येथें कायदा बापालाच धरतो. तेव्हां पुतण्याचें नांव लिहिणारा बाप मुलास वांचवितो कीं स्वतःस?

ऑस्ट्रेलियांत मार्कस आइनफेल्ड या निवृत्त न्यायाधीशांस २००६ सालीं वेगाबद्दल ७७ डॉलर दंडाची नोटीस आली. गाडी एक प्राध्यापिका चालवीत होत्या असें त्यांनीं शपथेवर सांगितलें. ती बाई २००३ सालींच वारली होती! २००९ सालीं त्यांस तीन वर्षांची शिक्षा झाली. ७७ डॉलर त्यांस जड नव्हते.

नोटीसच चुकीची असेल, गाडी त्या दिवशीं खळ्यांतून हललीच नसेल, तर निमूटपणें दंड भरणें ही नम्रता नव्हे. पौलानेंही कैसराजवळ न्याय मागितला. छायाचित्र पाहावयास मागावें, मुदतीच्या आंत लेखी कळवावें, नक्कल घरीं ठेवावी. ज्यांस वाचतां येत नाहीं त्यांनीं कागद उपदेशकाकडे न्यावा. उपदेशकानें तो सर्वांस वाचून दाखवावा. पण खरें काय घडलें हें घरच्यांच्या तोंडून ऐकल्यावांचून उत्तरास लेखणी उचलूं नये.