तहानलेल्यास पाणी द्या

संकष्टी मंगळवारी आली की ती अंगारकी. त्या दिवशी भोकरदन तालुक्यातल्या राजूरच्या गणपतीला इतकी गर्दी होते की पायथ्यापासून देवळापर्यंत मुंगीला वाट मिळू नये. जालन्याहून राजूर पंचवीसेक किलोमीटर. सोमवारी ऊन उतरलं की माणसं पायी निघतात आणि पहाटेच्या दर्शनाला रांगेत उभी राहतात. वाटेत कुणी चहा देतं, कुणी केळी, कुणी उपासाची साबुदाणा खिचडी. याच रस्त्याकडेच्या एका गावात जिल्हा परिषदेची शाळा आहे असं समजा, आणि त्या शाळेत सहावीतली एक मुलगी. गोष्ट तिची.

मुलीचं अक्षर मोत्यासारखं. त्यामुळे परिपाठाआधी फळ्यावर सुविचार लिहायचं काम तिच्याकडे. त्यासाठी तिनं एक वहीच केली होती. वर्तमानपत्राचा कोपरा, कॅलेंडरची मागची बाजू, बँकेतली पाटी, जिथं चांगलं वाक्य दिसेल तिथून ती उतरवून घ्यायची. दयेवरची वाक्यं तर तिच्याकडे पानंच्या पानं होती. वाक्य लिहून झालं की खाली रंगीत खडूनं वेल काढायची.

उन्हाळ्यात सकाळची शाळा सुरू झाली आणि ऊसतोडीला गेलेल्या घरांतला एक मुलगा वर्गात परत आला. दिवाळीच्या सुमारास आईबापाबरोबर गेलेला, तेव्हापासून पुस्तकाला हात लागलेला नव्हता. बाईंनी त्याला सवय व्हावी म्हणून सुविचार वाचायला उभं केलं. फळ्यावर होतं, ‘कोणाचेही अंतःकरण दुखवू नका.’ तो ‘अंतः’पाशी अडकला. पुन्हा मागे गेला, पुन्हा तिथंच अडकला. सगळा वर्ग हसला आणि सगळ्यांत मोठ्यानं हसली ती सुविचार लिहिणारी. मुलगा खाली बसला. फळ्यावरचं वाक्य वेलबुट्टीसकट जागच्या जागी होतं.

हा सोमवार होता. संध्याकाळी तिच्या आजीनं नेहमीप्रमाणे ओट्यापुढं रांजण भरून ठेवला, त्यावर लाकडी झाकण, झाकणावर तांब्या. आजी कधी शाळेत गेली नव्हती, पण अंगारकीचं पाणी तिनं कधी चुकवलं नव्हतं. नातीला वाटलं, आपणही काहीतरी केलं पाहिजे. तिनं पुठ्ठा घेतला, स्केचपेननं ठळक अक्षरांत लिहिलं, ‘तहानलेल्यास पाणी द्या’, आणि रांजणाच्या वर, खांबाला टांगलं.

लोक येत होते, पाटी वाचत होते, मान डोलवून पुढं जात होते. एका पोरानं मोबाईलवर फोटोही काढला. बऱ्याच वेळानं एक गृहस्थ थांबले. त्यांनी पाटी नीट वाचली, मुलीकडे पाहिलं, पिशवीतून अर्धी भरलेली बाटली काढली आणि तिच्यापुढं धरली.

“घे बाळा. पण सगळं पिऊ नको, मला अजून राजूर गाठायचंय.”

आजीनं विचारलं, “काय लिवलंय गं त्याच्यावर?” नातीनं वाचून दाखवलं. आजी पदर तोंडाला लावून अशी हसली की तिला ठसका लागला. “आगं, पाणी आपल्यापाशी, आन् ‘द्या’ म्हणून सांगती जाणाऱ्याला!”

तेवढ्यात एक बाई लंगडत आली. आजीनं तिला हाक दिली. “माय, पाय लई दुखतोय का?”

“न्हाई, चाललंय.”

“चाललंय ते दिसतंय. टेक जरा. बघू दे.”

बाईनं चप्पल काढली. टाचेला बोराएवढा फोड आला होता. आजीनं सुईत दोरा ओवला, सुई बत्तीच्या ज्योतीवर धरली, फोडाच्या एका कडेनं घालून दुसऱ्या कडेनं काढली आणि दोरा तसाच आत ठेवून दोन्हीकडची टोकं कापली. पाणी दोऱ्यावरून निथळायला लागलं. वर हळद आणि खोबरेल तेल. नातीनं बत्ती धरली होती. एवढं होईतो बाईच्या तोंडून घरचं सगळं येऊन गेलं, सुनेचं बाळंतपण, कापसाचे पैसे, नवस. मग तिनं तीन तांबे पाणी घटाघटा संपवलं. इतकी तहानलेली होती, पण आल्या आल्या पाण्याचं नावही काढलं नव्हतं.

ती गेल्यावर नात म्हणाली, “आजी, तू तिला आधी पाणी का नाही दिलंस?”

“तिला काय पायजे हाये ते मला कुठं ठावं व्हतं? माणसाला इचारावं लागतं, बाई. इचारलं की मग त्योच सांगतो काय दुखतंय ते. नुसतं दया करा, दया करा म्हणून कुणावर करायची?”

मुलांना दया शिकवायची म्हणून आपण मोठी माणसं बहुतेक वेळा हुकूम सोडतो. करा, द्या, नका. मुलं हुकूम पाठ करतात, वक्तृत्व स्पर्धेत बक्षीसही आणतात. पण ‘दुःखितांना मदत करा’ म्हणणाऱ्या पोराला समोर कोणीच दिसत नाही. ‘तुला काय झालं?’ म्हणायचं तर आधी त्या ‘तू’कडे वळून पाहावं लागतं. मग चांगल्या वचनांचा उपयोगच नाही की काय? आहे, पण त्याला जागा लागते. साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात ‘श्यामची आई’ लिहिलं. न्हाऊन आलेला श्याम पायाला माती लागेल म्हणून हटून बसतो, तो प्रसंग घ्या. आई पाय ठेवायला आधी आपलं लुगडं पसरते, आणि पायाइतकंच मनालाही जप हे मग सांगते. तो बोल पिढ्यान् पिढ्या लक्षात राहिला तो या क्रमामुळे, असं मला वाटतं. आपण लुगडं गाळून नुसता बोलच फळ्यावर लिहितो.

मंगळवारी सकाळी मुलगी जागरणाचे डोळे घेऊनच शाळेत आली. खडू तिच्या हातात होता, तरी ती फळ्याकडे न जाता मागच्या बाकावर त्या मुलाशेजारी जाऊन बसली. बसल्यावर काय बोलायचं ते सुचेना. शेवटी म्हणाली, “तिकडं कारखान्यावर तू दिवसभर काय करायचास?”

मुलानं तिच्याकडे संशयानं पाहिलं. आज पुन्हा थट्टा दिसते. मग हळूच म्हणाला, “बारकीला सांभाळायचो. कोपीत.”

“कोपी म्हणजे?”

आता त्याला नवल वाटलं. एवढं हुशार पोर आणि हिला कोपी माहीत नाही! त्यानं बाकावर बोटानं आखून दाखवली. बांबू असे वाकवायचे, वर पाचट टाकायचं, दार इतकं ठेंगणं की वाकूनच आत जायचं. आई कोयता घेऊन फडात गेली की बारकी रडायची. मग तो तिला काखेत घेऊन बैलांना वाढे टाकायला जायचा. मोळीही बांधता येते म्हणाला. “कशी?” म्हटल्यावर त्यानं तिच्या वेणीची रिबीन मागून घेतली, पाचसहा पट्ट्या आणि पेन्सिली गोळा केल्या आणि एका पिळात अशी गाठ मारली की ओढून सुटेना. पुढच्या बाकावरची पोरं मागं वळली. काल हसलेलीच होती सगळी. “ए, परत दाखव ना! हळू दाखव!” म्हणत ती बाकावर चढली.

बाई हजेरीपुस्तक घेऊन आत आल्या. फळा कोरा, आणि वर्ग सगळा मागं गोळा झालेला.

“आज सुविचार कुठंय गं?”

“राहिला, बाई.”

बाईंनी काही वेळ त्या घोळक्याकडे पाहिलं. हजेरीपुस्तक टेबलावर ठेवलं, खुर्ची ओढत मागच्या बाकापर्यंत आणली आणि त्या मुलासमोर बसल्या.

“बैल किती आहेत रे तुमचे? नावं काय त्यांची?”