मुठीतला रुपया

॥ श्रीगुरुदेव दत्त ॥

दत्तजयंतीला औदुंबरला जायचं, हा आमच्या घरचा जुना नेम. भिलवडी स्टेशनवर उतरायचं, कृष्णेत स्नान करायचं, पादुकांचं दर्शन घ्यायचं. लहानपणी मात्र माझं अर्धं लक्ष वाटेवर खेळ मांडणाऱ्या गारुड्याकडे असे. तो रुपया डाव्या मुठीत घाली, फुंकर मारी, मूठ उघडली की रुपया गडप!

पुढे सातारा जिल्ह्यात एका खेड्यात शाळामास्तर झालो आणि ही विद्या एका जाणत्याकडून शिकलो. मंत्रबिंत्र काही नाही. रुपया डाव्या मुठीत दिल्यासारखा करायचा. प्रत्यक्षात तो उजव्या तळव्यातच, अंगठ्याचा उंचवटा आणि करंगळीखालचा मांसल भाग यांच्यात अडकून राहतो. बोटं सैल दिसली पाहिजेत. नजर डाव्या मुठीवर ठेवायची, कारण आपण जिकडे बघतो तिकडंच समोरचेही बघतात. हे साधायला मला दोन वर्षं लागली. श्रीमद्भागवताच्या अकराव्या स्कंधात अवधूताने सांगितलेल्या २४ गुरूंत एक बाण करणारा कारागीर आहे. जवळून राजाची स्वारी गेली तरी त्याला पत्ता नाही! कसबातली ही एकाग्रता म्हणजे साधनाच, मग हातचलाखीत पाप कसलं, असं मी म्हणत असे.

एकदा शेजारच्या आज्जींचा नातू तापाने निजून होता. त्याला हसवावं म्हणून त्याच्या कानामागून रुपया काढला. पोरगं हसलं. आज्जींनी मात्र तो रुपया हळदकुंकू लावून देवघरात ठेवला. "गुर्जींच्या हाताला गुण हाय," असं त्या आळीभर सांगत सुटल्या. बायामाणसं मला वाकून नमस्कार करू लागली. मी नुसता हसे. खरं सांगतो, ते मला आवडत होतं.

आठव्या दिवशी पाहतो तर दवाखान्यातून आणलेली औषधाची बाटली न फोडता कोनाड्यात तशीच! माझ्या पायांखालची जमीन सरकली. तिथंच आज्जींना तळवा उघडून सगळं दाखवलं आणि पोराला घेऊन दवाखाना गाठला. देवाच्या दयेने पोर बरं झालं. आज्जींनी रुपया परत माझ्या हातावर ठेवला. म्हणाल्या, "रुपयाचं काय न्हाई गुर्जी. पर आठ दिस तुमी गप का बसलासा?"

या प्रश्नाचं उत्तर मी पुष्कळ दिवस शोधत होतो. श्रीगुरुचरित्राच्या १८व्या अध्यायात श्रीगुरू अमरापुरातल्या एका गरीब ब्राह्मणाच्या दारचा घेवड्याचा वेल तोडतात. त्याच्या मुळाशी द्रव्याचा कुंभ निघतो. तेव्हा श्रीगुरूही बजावतात, हे कुणाला सांगू नका. मग त्यांच्या गुप्ततेत आणि माझ्या गप्प बसण्यात फरक काय? फरक एवढाच की तिथे देणाऱ्याचा मोठेपणा झाकला गेला, आणि माझ्या गप्प बसण्याने माझं रिकामेपण झाकलं.

जादूगार खेळाला जादूच म्हणतो. लोकांचा विश्वास तो घटकाभर उसना घेतो आणि खेळ संपला की परत करतो. जो परत करत नाही तो भोंदू. आमच्या साताऱ्याचे डॉ. नरेंद्र दाभोलकर आणि त्यांचे कार्यकर्ते गावोगाव असे 'चमत्कार' करून दाखवत आणि लगेच उलगडूनही सांगत. देवाधर्माविषयी त्यांचं आपलं मत जुळो न जुळो, हा उलगडा मला प्रामाणिकपणाचा वाटतो. चमत्काराच्या नावाखाली लोकांना ठकवणं २०१३च्या कायद्याने महाराष्ट्रात गुन्हा आहे; भजन-कीर्तनाला त्याची आडकाठी नाही. पण कायदा कृतीला धरतो. मनातल्या मनात नमस्कार गोळा करणाऱ्याला धरायला अंतरीचा साक्षीच लागतो.

आता नातवंडांना खेळ दाखवतो तो दोनदा. एकदा रुपया गडप करून, आणि एकदा तळवा उघडून. मुलं दुसऱ्यांदा जास्त हसतात. तो रुपया मी आजही जपून ठेवला आहे. देवघरात नाही, टेबलाच्या खणात.

अवधूत चिंतन श्रीगुरुदेव दत्त!